गेटिसबर्गच्या गाईड आजोबा, थँक्यू हं

आजोबा, तुम्हाला मराठी येत नाही आणि हे तुमच्यापर्यंत पोचेल असंही नाही, पण त्या दिवशी निघताना आमच्या पोराला उलटी झाली, त्या गडबडीत तुम्हाला धड थँक्यूही म्हटलं नाही, ते मनाला लागून राहिलंय म्हणून लिहितोय.

खरं सांगतो, अमेरिकेच्या उत्तर विरुद्ध दक्षिण अशा यादवी युद्धातली १८६३ ची मोठी लढाई झाली ते हे गेटिसबर्ग, पण आमच्या बाबांना तिकडे यायचंच नव्हतं. लातूरहून न्यू जर्सीला आमच्याकडे आलेले, गुडघे दुखतात, आणि गेटिसबर्गला पोचल्यावर पहिलं वाक्य काय तर "हे तर नुसतं रान आहे की रे!" मलाही मनातून तेच वाटत होतं, आपल्याला इतिहास म्हटलं की गड लागतो, बुरूज लागतो. त्यात तिथे लायसन्सवाला गाईड आपलीच गाडी चालवतो, तुम्ही चावी मागितलीत तेव्हा बायकोने माझ्याकडे जे बघितलं ना, विचारू नका.

मग बाबांनी विचारलं, हे सोयाबीन कुणाचं? मला ट्रान्सलेट करताना ओशाळल्यासारखं झालं, लढाईच्या जागी आलोय आणि हा काय प्रश्न. पण तुम्ही गाडी कडेला घेतलीत आणि खुशीत सांगत सुटलात, की १८६३ ला इथे शेतंच होती म्हणून पार्कवाले आजही शेतकऱ्यांना जमीन कसायला देतात, नंतर माजलेली झाडी बऱ्याच ठिकाणी मुद्दाम तोडली, पीचची बाग होती तिथे परत पीच लावले, आणि टुरिस्टांसाठी कुणीतरी उभा केलेला ३०७ फुटी टॉवर ३ जुलै २००० ला सुरुंग लावून पाडला. बाबा म्हणाले, "म्हणजे काही दिसू नये म्हणून एवढा खटाटोप?" तुम्ही स्टिअरिंगवर हात आपटून हसलात.

पण खरं थँक्यू त्या कुंपणासाठी. दक्षिणेचा जनरल पिकेट, त्याच्या नावाने ओळखला जाणारा हल्ला झाला त्या रानात, एमिट्सबर्ग रोडपाशी. साडेबारा हजाराच्या आसपास माणसं, मैलभर उघडं रान आणि समोर तोफा, हे मी आधी वाचलेलं, पण आकडा वाचून काय कळतं. तुम्ही बाबांना म्हणालात, या दांड्यावर हात ठेवा, आता गोळ्या चालू आहेत आणि हे ओलांडून जायचंय. बाबांनी दोन्ही हातांनी दांडा धरला, एक पाय उचलून बघितला, गुडघ्याने साथ दिली नाही. मग तसेच उभे राहिले. थोड्या वेळाने एवढंच म्हणाले, "पोरं शेतकऱ्याचीच असतील." तुम्ही मला अर्थ विचारलात आणि मी सांगितल्यावर नुसती मान हलवलीत.

पुढे त्या टेकाडावरचं एब्राहम ब्रायनचं छोटंसं घर दाखवलंत, बारा एकराचा मालक, स्वतंत्र काळा शेतकरी, दक्षिणेचे सैनिक काळ्या माणसांना पकडून गुलामीत नेत होते म्हणून लढाईआधीच बायकापोरांना घेऊन पळाला. परत येऊन बघतो तर पीक गेलेलं, कुंपण गेलेलं. हजारावर डॉलरची भरपाई मागितली आणि हातात पडले १५. यावर बाबा लगेच, "पंचनामा सगळीकडे सारखाच!" याचं भाषांतर मला काही जमलं नाही बघा.

एक सांगायचं राहिलं, त्या युद्धात दक्षिणेचा कापूस अडला आणि इकडे मुंबईत कापसाला सोन्याचा भाव आला, शेअर बाजार वेडा झाला, आणि १८६५ ला युद्ध संपताच सगळे धाडकन आपटले. तुम्हाला ऐकून मजा वाटली असती.

आणि हो, पोराने खिशात घातलेला दगड तुम्ही न ओरडता, जिथून उचलला तिथेच त्याच्याकडून परत ठेवून घेतलात. दोन तासांची टूर तुम्ही साडेतीन तास केलीत हे मला घरी आल्यावर लक्षात आलं.

बाबा आता लातूरला आहेत. परवा फोनवर विचारत होते, तिकडचं सोयाबीन काढलं का. मी म्हटलं, आजोबांना विचारून सांगतो.