चवदार तळ्याच्या खटल्याचे कागद महाडला मराठीत वाचायला मिळू द्या

प्रति,
मा. सांस्कृतिक कार्य मंत्री,
महाराष्ट्र राज्य, मंत्रालय, मुंबई

स.न.वि.वि.

२० मार्च २०२७ रोजी महाडच्या चवदार तळ्याच्या सत्याग्रहाला शंभर वर्षं पूर्ण होतील. कमानी, रोषणाई, सुशोभीकरण यांचे प्रस्ताव आपल्याकडे येतीलच. माझी मागणी त्या मानाने लहान आहे. या तळ्याच्या पाण्यावरून जो दावा जवळपास दहा वर्षं चालला, त्याचे कागद शोधून काढा, त्यांचं नीट मराठी करून घ्या आणि ते महाडातच लोकांना वाचायला ठेवा.

माझी सारी नोकरी कोकणातल्या दिवाणी न्यायालयांत गेली. सत्याग्रहाची हकीकत इथल्या पोरासोरांनाही ठाऊक असते, पण त्यानंतरच्या दाव्याबद्दल विचारलं की चांगली शिकलेली माणसंही गप्प होतात. मला याची खंत वाटते, कारण खरी लांबलेली लढाई तीच होती.

सीताराम केशव बोले यांनी मांडलेला सार्वजनिक पाणवठे सर्वांना खुले करण्याचा ठराव मुंबईच्या कायदेमंडळाने ४ ऑगस्ट १९२३ रोजी मंजूर केला. महाड नगरपालिकेने १९२४ साली तळं खुलं केल्याचा ठराव केला. त्यामागे नगरपालिकेचे सुरेंद्रनाथ उर्फ सुरबानाना टिपणीस होते. दोन्ही ठराव कागदावरच राहिले. मग २० मार्च १९२७ ला बाबासाहेब हजारो माणसांसह तळ्यावर गेले आणि पाणी प्याले. परत निघालेल्या लोकांना मारहाण झाली, तळ्याची ‘शुद्धी’ झाली. डिसेंबरात पुन्हा सत्याग्रह करायचं ठरलं, तेव्हा गावातल्या सवर्णांनी तळं खाजगी असल्याचं सांगत दावा लावला आणि १४ डिसेंबरला महाडच्या न्यायालयाने तूर्तातूर्त मनाई हुकूम दिला.

मंत्रीमहोदय, त्यापुढचे दिवस मला फार मोठे वाटतात. परिषदेसाठी हजारो लोक चालत, गलबतांनी, मिळेल त्या वाटेने आले होते. सत्याग्रह करायचाच, तुरुंगात गेलो तरी चालेल, या तयारीने आले होते. मांडवाला गावात जागा मिळेना, ती इथल्याच फत्तेखान नावाच्या मुस्लिम गृहस्थांनी दिली. २५ डिसेंबरच्या रात्री बाबासाहेबांचे सहकारी सहस्रबुद्धे यांच्या ठरावानुसार मनुस्मृती जाळली गेली. एवढा संताप मनात असताना या लोकांनी न्यायालयाचा हुकूम मात्र मोडला नाही. तळ्याभोवती शांतपणे मिरवणूक काढली, पाण्याला हात लावला नाही आणि आपली बाजू न्यायालयात मांडली. ज्या कायद्याने त्यांना तोवर काही दिलं नव्हतं, त्याच कायद्याचा मान त्यांनी राखला. आज ऊठसूट न्यायालयाचे हुकूम धाब्यावर बसवले जातात, तेव्हा हे कागद तरुणांनी वाचलेच पाहिजेत.

१९३१ साली महाडला दावा फेटाळला गेला. वादींनी ठाण्याला अपील केलं, तिथेही ते हरले. मग प्रकरण मुंबई उच्च न्यायालयात गेलं. नरहरी दामोदर वैद्य विरुद्ध भीमराव रामजी आंबेडकर या अपिलाचा निकाल १७ मार्च १९३७ रोजी न्यायमूर्ती ब्रूमफिल्ड आणि न्यायमूर्ती वाडिया यांनी दिला. तळं सर्वांना खुलं राहिलं.

निकाल नेमका कशावर लागला, हे मूळ कागद वाचल्याशिवाय कळत नाही. अस्पृश्यता अन्याय्य आहे असं न्यायालयाने म्हटलेलं नाही. अस्पृश्यांना पाणी न भरू देण्याची वहिवाट अनादी काळापासून चालत आली असल्याचं वादींना सिद्ध करता आलं नाही, एवढंच म्हटलं. ती सिद्ध झाली असती, तर ती वाजवी आहे का, सार्वजनिक हिताविरुद्ध आहे का, हा विचार पुढे करावा लागला असता. म्हणजे निसटत्या कायदेशीर आधारावर हा विजय मिळाला. राज्यघटनेच्या पंधराव्या अनुच्छेदात विहिरी, तलाव, स्नानघाट हे शब्द का आले, ते मला हा निकाल वाचल्यावर खऱ्या अर्थाने उमगलं. इंग्रज न्यायमूर्तीने पाणी मिळवून दिलं, असं सोपं करून सांगणं मला पटत नाही. दासगावचे रामचंद्र बाबाजी मोरे, अनंतराव चित्रे यांच्यासारखी इथली माणसं सत्याग्रहासाठी आधी राबली नसती, तर उच्च न्यायालयापुढे हा प्रश्न गेलाच नसता.

हेच ब्रूमफिल्ड १८ मार्च १९२२ ला अहमदाबादेत गांधीजींच्या खटल्यात न्यायाधीश होते. रत्नागिरीत जन्मलेल्या टिळकांना १९०८ साली न्यायमूर्ती दावर यांनी सहा वर्षांची शिक्षा दिली होती. तिचा दाखला देऊन ब्रूमफिल्डनी गांधीजींनाही सहाच वर्षं दिली. माणूस तोच, कायद्याची चौकट तीच, आणि पंधरा वर्षांनी त्याच्याच हातून महाडचा निकाल. वसाहतीच्या न्यायव्यवस्थेला सरसकट चांगली किंवा सरसकट वाईट ठरवण्याआधी मुलांनी हे दोन्ही निकाल शेजारी शेजारी ठेवून वाचावेत.

आता घाई का, तेही सांगतो. कोकणातल्या अभिलेख कक्षात पावसाळ्यात काय होतं ते मी पाहिलं आहे. रुमालात बांधलेला बस्ता सोडावा, तर वरची पानं एकमेकांना चिकटलेली, कडांना कसर लागलेली, शाई पसरलेली. जुन्या दाव्यांतले निकाल आणि हुकूमनामे कायम राखतात, बाकीचे कागद ठराविक वर्षांनी काढून टाकतात. साक्षीदारांचे जबाब त्या बाकीच्यांतच येऊ शकतात, आणि तळ्यावर कोण पाणी भरत होतं हे गावकऱ्यांच्या तोंडून कळणार ते जबाबांतूनच. त्यात सावित्रीचा पूर. २२ जुलै २०२१ ला महाडात काय झालं ते आपण जाणताच.

न्यायालयाचं दप्तर उच्च न्यायालयाच्या अखत्यारीत येतं, याची मला कल्पना आहे. पण पुराभिलेख संचालनालय आपल्याच विभागाकडे आहे. महाड, ठाणे आणि मुंबई इथे या दाव्याचं काय काय शिल्लक आहे याची यादी करण्याची विनंती आपण उच्च न्यायालयाला करू शकता. यादी लोकांपुढे ठेवा. कागदांच्या स्कॅन प्रती काढा. निकालाचं भाषांतर कायदा जाणणाऱ्या आणि मराठी लिहिता येणाऱ्या माणसाकडून करून घ्या. सरकारी भाषांतराची मराठी कुणी वाचत नाही. जमल्यास रत्नागिरीत टिळकांच्या जन्मस्थानीही १८९७, १९०८ आणि १९१६ च्या खटल्यांचे निकाल मराठीत ठेवा.

जुनी कोर्टाची लिखापढी आणि मोडी वाचू शकणारे आम्ही काही निवृत्त कर्मचारी या भागात आहोत. मानधन नको. बसायला कोरडी जागा आणि कागद हाताळायची लेखी परवानगी मिळाली, की या पावसाळ्याआधी काम सुरू करू.

आपला,
एक निवृत्त न्यायालयीन कर्मचारी
ता. महाड, जि. रायगड