व्हिएन्नात आधी पायपीट, मग वाइन

संपादक महोदय,

शरदात व्हिएन्नाला निघालेल्यांसाठी. मिखाएलरप्लात्झपासून होफबुर्ग राजवाड्याच्या चौकांतून हेल्डेनप्लात्झपर्यंतची, हाब्सबुर्ग राजघराण्याच्या इतिहासाची फेरी आधी चालून घ्यावी. मार्गदर्शक वाटेतच वाइन चाखायला देत असेल तर अर्धा इतिहास डोक्यावरून जातो! नंतर शोटेनटोरहून ३८ क्रमांकाच्या ट्रामने ग्रिंझिंग हे वाइनचे उपनगर गाठावे. दारावर पाइनची डहाळी टांगलेली दिसली, की तिथे घरची वाइन मिळते. घरची वाइन विकण्याची ही मुभा सम्राट दुसऱ्या योसेफने १७८४ मध्ये दिली. तिथल्या मापांत ‘आख्टेल’ म्हणजे १२५ मिलि, ‘फिअर्टेल’ २५०. द्राक्षरसाचा गढूळ ‘श्टुर्म’ गोड लागतो म्हणून सरबतासारखा पिऊ नये. तो अजून आंबतच असतो. म्हणून त्याची बाटली सैल झाकणाची असते, ती उभीच ठेवावी. पिशवीत आडवी घातली तर कपडे गेलेच.

– एक वाचक