नालंदाचे दहा हजार विद्यार्थी आणि इत्सिंगचा हिशेब

मा. संपादक,
स.न.वि.वि.

रविवारच्या पुरवणीत प्राचीन विद्यापीठांवर लेख आला आहे. त्यात नालंदाबद्दल चार गोष्टी ठामपणे सांगितल्या आहेत: १०,००० विद्यार्थी, २,००० शिक्षक, सर्वांना मोफत शिक्षण आणि ९० लाख ग्रंथ. शाळेतल्या भाषणांत आणि मोबाइलवरच्या संदेशांत हे आकडे इतके फिरलेत की ते कुठून आले हे कोणी विचारत नाही. वर्तमानपत्राने तरी विचारायला हवे होते.

दहा हजारांचा आकडा सातव्या शतकात आलेला चिनी यात्रेकरू ह्युएन त्संग याच्या चरित्रातला आहे. ते चरित्र त्याच्या शिष्याने लिहिले, आणि त्या संख्येत पाहुणे भिक्षूही धरले आहेत. ह्युएन त्संगच्या स्वतःच्या प्रवासवृत्तात फक्त ‘काही हजार’ आहेत. त्याच्यानंतर काही दशकांनी आलेला चिनी भिक्षू इत्सिंग नालंदात सुमारे दहा वर्षे राहिला. तो तीन हजारांहून अधिक भिक्षू सांगतो आणि पुढे आठ दालने व ३०० खोल्या असा तपशील देतो. एवढे भिक्षू एका जागी वंदनेला जमवणे अवघड, म्हणून वंदना वेगवेगळी होई, असेही तो लिहितो. शिक्षकांच्या आकड्याचे मूळ बहुधा त्याच चरित्रातल्या एका वाक्यात आहे: २० ग्रंथसमूह उलगडून सांगू शकणारे १,०००, ३० सांगू शकणारे ५०० आणि ५० सांगू शकणारे जेमतेम दहा. ही १,५१० माणसे म्हणजे विद्वत्तेच्या पायऱ्या आहेत. त्यांना हजेरीपटावरचे शिक्षक समजून पुढे गोळाबेरीज दोन हजार केलेली दिसते.

आकड्यांची चूक एका ओळीत सुधारता येईल. पण तिथे शिकवत काय आणि कोणत्या क्रमाने, यावर लेखात अवाक्षर नाही. वास्तविक इत्सिंगने याचा हिशेब एखाद्या कारकुनाच्या काटेकोरपणे मांडून ठेवला आहे. वय, मुदत, श्लोकसंख्या, सगळे त्यात आहे. त्याचा ‘श्लोक’ म्हणजे ३२ अक्षरांचे माप. आपल्या जुन्या पोथ्यांच्या शेवटी ‘ग्रंथसंख्या’ लिहीत, ती याच मापाने.

सहाव्या वर्षी मूल सिद्धम् म्हणजे वर्णमाला आणि जोडाक्षरे घेई. मूळ अक्षरे ४९, त्यांच्या मेळाने १८ प्रकरणांत दहा हजारांवर अक्षरे, म्हणजे तीनशेहून थोडे अधिक श्लोक. मुदत सहा महिने. आठव्या वर्षी पाणिनीची व्याकरणसूत्रे, १,००० श्लोकांएवढी, आठ महिन्यांत पाठ. भागाकार केला तर रोज चार श्लोक पडतात, म्हणजे साधारण सोळा सूत्रे. त्यांच्या जोडीला १,००० श्लोकांचा धातुपाठ, म्हणजे क्रियापदांच्या धातूंची यादी. दहाव्या वर्षी तीन खिलपाठ, म्हणजे व्याकरणाचे पूरक ग्रंथ, प्रत्येकी १,००० श्लोक, त्यांना तीन वर्षे. पंधराव्या वर्षी वृत्तिसूत्र, म्हणजे सूत्रांचा अर्थ उलगडणारी वृत्ती, बहुतेक अभ्यासकांच्या मते काशिका. ती १८,००० श्लोक आणि पाच वर्षे, म्हणजे रोजचे दहा श्लोक, आणि तेही अर्थासकट. त्यापुढे ज्याला झेपेल त्याने पतंजलीचे महाभाष्य हा व्याकरणावरचा मोठा भाष्यग्रंथ घ्यावा: २४,००० श्लोक, तीन वर्षे.

आठ वर्षांच्या पोराकडून अर्थ न कळता सूत्रे घोकून घेणे आज आपल्याला खटकते. पण त्यामागे पाणिनीच्या रचनेचे कारण आहे. ‘इको यणचि’ हे सूत्र घ्या. पुढे स्वर आला की इ, उ, ऋ, ऌ यांचे य्, व्, र्, ल् होतात. त्याच्या पुढचे सूत्र आहे ‘एचोऽयवायावः’. ए, ओ, ऐ, औ यांचे अय्, अव्, आय्, आव् होतात एवढेच त्यात आहे. कधी होतात? तर पुढे स्वर आल्यावर. मात्र तो ‘अचि’ शब्द या सूत्रात नाहीच, तो मागच्या सूत्रातून उचलायचा. याला अनुवृत्ती म्हणतात. काही शब्द असे शेकडो सूत्रे पुढे चालत जातात. सूत्रांचा क्रम जिभेवर नसेल तर पुढ्यातल्या सूत्राचा अर्थच लागत नाही, आणि मधले एक सूत्र निसटले तर पुढची सगळी रांग अडखळते. म्हणून आधी पाठांतर आणि सात वर्षांनी वृत्ती. घोकंपट्टीचे सरसकट समर्थन मी करत नाही. इत्सिंगही करत नाही. हे सारे मुखोद्गत करणे तल्लख माणसांचे काम, मध्यम आणि मंद बुद्धीच्यांसाठी वेगळा मार्ग ठेवावा, असे तो स्वच्छ लिहितो.

आता या वयांची बेरीज पाहा. काशिका संपते तेव्हा विद्यार्थी विशीत असतो, आणि तरीही नालंदाचे नाव आलेले नाही. ते त्याच्यानंतर येते. व्याकरण झाले, हेतुविद्या म्हणजे तर्कशास्त्र आणि अभिधर्मकोश हा बौद्ध तत्त्वज्ञानाचा ग्रंथ झाला, की दोन-तीन वर्षे नालंदात किंवा वलभीत जाऊन शंका आणि सिद्धान्त वादात पारखून घ्यायचे. म्हणजे पुरवणीतल्या चित्रात झाडाखाली पाटी घेऊन बसलेली मुले दाखवली आहेत, ते शिक्षण घरीदारी आणि इतर विहारांत होत असे. नालंदाच्या दारात येणाऱ्याला द्वारपालच कठीण प्रश्न विचारी. वादासाठी आलेल्या परक्या विद्वानांपैकी दहातले सात-आठ माघारी जात, असे ह्युएन त्संग सांगतो. पदवी वगैरे काही नव्हते. नाव कमावलेल्याचे नाव उंच दरवाजावर पांढऱ्या अक्षरांत लिहीत. वलभी आजच्या गुजरातेत भावनगरजवळ आहे. इत्सिंग दोन्ही स्थळांना एकाच पंक्तीत बसवतो, पण आपल्या लेखात तिचा उल्लेखही नाही.

‘सर्वांना मोफत’ हेही खरे नाही. भिक्षूंचा खर्च दान मिळालेल्या गावांतून चाले. इत्सिंगच्या वेळी ती दोनशेहून अधिक होती. पण विहारात राहून शिकणाऱ्या गृहस्थांचे नियम वेगळे होते. पुढे दीक्षा घेण्याच्या इराद्याने धर्मग्रंथ शिकणारे ते माणव, आणि संसार न सोडता केवळ लौकिक विद्या शिकणारे ते ब्रह्मचारी. दोघांनीही आपला खर्च आपण करायचा. संघाच्या मालमत्तेतून त्यांना जेवू घालणे निषिद्ध होते. संघाचे काही काम अंगमेहनतीने केले असेल तर तेवढ्यापुरते अन्न मिळे.

लेखातल्या जलघड्याळाच्या चौकटीत ‘दर घटिकेला घंटा’ असे छापले आहे. आपल्याकडे लग्नात घंगाळात सोडत ते घटिकापात्र २४ मिनिटांत बुडते. नालंदाचे गणित निराळे होते. तांब्याच्या मोठ्या भांड्यात पाणी, त्यावर तांब्याचीच पातळ वाटी, तिच्या बुडाला सुईच्या टोकाएवढे छिद्र. वाटी पहिल्यांदा बुडाली की नगाऱ्याचा एक ठोका, दुसऱ्यांदा दोन, तिसऱ्यांदा तीन. चौथ्यांदा चार ठोके, त्यावर शंख आणि मग आणखी एक ठोका: पहिला प्रहर संपला. चार बुडण्यांना एक प्रहर म्हणजे एका बुडण्याला सुमारे ४५ मिनिटे. दुसऱ्या प्रहराअखेरचे जादा दोन ठोके पडले की माध्यान्ह, आणि त्यानंतर जेवताना सापडलेल्या भिक्षूची हकालपट्टी. आता पोटाचाच प्रश्न असल्यावर वाटी नेमकी बुडायला हवी. उन्हाळ्यात सूर्योदय ते माध्यान्ह हा काळ लांबतो, हिवाळ्यात आखडतो. म्हणून ऋतूप्रमाणे छिद्र लहानमोठे करावे लागे. शिवाय छिद्रात कचरा अडकला तर वाटी रेंगाळणार. त्यामुळे राखणीला मुले नेमलेली असत, आणि घड्याळासकट तीही राजांनी दान दिलेली. बोधगयेच्या महाबोधी विहारात सकाळपासून दुपारपर्यंत वाटी सोळा वेळा बुडे. ते माप मात्र आपल्या घटिकेच्या जवळ जाते.

इत्सिंगचे सगळेच डोळे मिटून घ्यावे असे नाही. वैयाकरण भर्तृहरीला वारून चाळीस वर्षे झाली असे तो लिहितो, पण दिङ्नाग या बौद्ध तर्कपंडिताने भर्तृहरीचा आधार घेतलेला असल्यामुळे तो निदान दीडशे वर्षे आधीचा ठरतो. ऐकीव गोष्टींत तो चुकतो. अभ्यासक्रम आणि घड्याळ त्याने दहा वर्षे जवळून पाहिले होते.

नव्वद लाख ग्रंथांविषयी एवढेच: दहा वर्षे राहून इत्सिंगने बरोबर नेले ते सुमारे ४०० ग्रंथ, एकूण पाच लाख श्लोकांचे. रत्नोदधी या नालंदाच्या ग्रंथालयाची नऊ मजली इमारत फार उशिराच्या तिबेटी परंपरेतली आहे. ग्रंथखरेदीचा कोरीव पुरावाच हवा असेल तर मुंबईत कान्हेरीच्या लेण्यांत जावे. तिथल्या नवव्या शतकातल्या एका लेखात विहाराच्या डागडुजीसोबत पुस्तकांसाठीही निधी दिल्याची नोंद आहे.

लेखाच्या शेवटी इ.स. १२०० च्या सुमारास नालंदा ‘एका रात्रीत संपले’ असे म्हटले आहे. धर्मस्वामी हा तिबेटी भिक्षू १२३५ च्या सुमारास तिथे गेला होता. पडझड झालेल्या विहारात नव्वदीचे राहुलश्रीभद्र सुमारे ७० जणांना शिकवत होते, आणि धर्मस्वामी त्यांच्याकडे व्याकरण शिकला. दुरुस्ती छापताना हे एक वाक्य तेवढे घ्यावे.

आपला,
एक वाचक