लॅटिन साहित्याचा अभ्यास दुसऱ्या शतकापाशी थांबवू नये

मा. संपादक,
स. न. वि. वि.

आपल्या रविवारच्या पुरवणीत प्राचीन रोमच्या साहित्याची ओळख करून देणारा लेख नुकताच वाचला. प्लॉटसच्या प्रहसनांपासून व्हर्जिल, होरेस, ओव्हिड यांच्यापर्यंतचा आणि तेथून टॅसिटस व ज्युव्हेनलपर्यंतचा पट लेखकाने मोठ्या आस्थेने उलगडला आहे, आणि मराठी वृत्तपत्राने या विषयाला एवढी जागा दिली याबद्दल आपलेही आभार मानायला हवेत. मात्र यानंतर लॅटिन भाषा धर्मोपदेशकांच्या हाती गेली आणि साहित्य म्हणून तिचा इतिहास तेथेच संपला, अशा आशयाचे विधान लेखाच्या अखेरीस आहे. हे मत त्या लेखकाचे एकट्याचे नाही. युरोपातील अनेक विद्यापीठांनी अभिजात लॅटिन एका विभागाकडे आणि आरंभीच्या ख्रिस्ती लेखकांचे लॅटिन धर्मशास्त्राच्या विभागाकडे सोपवून हीच विभागणी पिढ्यान्‌पिढ्या जपली. अनेक वर्षे संस्कृत शिकवून निवृत्तीनंतर लॅटिनकडे वळलेली एक विद्यार्थिनी म्हणून मला मात्र असे ठामपणे वाटते की, या विभागणीमुळे दोन्हीकडचे वाचन अर्धवट राहते.

याचे सर्वांत बोलके उदाहरण प्लिनीचे आहे. इ. स. ११२च्या सुमारास रोमन लेखक धाकटा प्लिनी काळ्या समुद्राकाठच्या बिथिनिया-पाँटस या प्रांताचा, म्हणजे आजच्या तुर्कस्तानच्या उत्तर भागाचा, कारभार पाहत होता. ख्रिस्ती लोकांविरुद्धच्या तक्रारी त्याच्यापुढे येऊ लागल्या तेव्हा त्याने सम्राट ट्रेजनला पत्र लिहून विचारले की शिक्षा नेमकी कशाची करायची, ‘ख्रिस्ती’ या नावाची की त्या नावाबरोबर येणाऱ्या गुन्ह्यांची? आरोपींना तो तीनदा विचारी, आणि तिन्ही वेळा कबुली देणाऱ्यांना मृत्युदंडासाठी पाठवी. ज्यांनी सम्राटाच्या पुतळ्यापुढे धूप आणि मद्य अर्पण करून ख्रिस्ताची निंदा केली त्यांना त्याने सोडून दिले. सेविका म्हणवल्या जाणाऱ्या दोन दासींचा छळ करून त्याने माहिती काढली, तेव्हा हाती लागले ते एवढेच की हे लोक ठरावीक दिवशी पहाटेपूर्वी जमतात, ख्रिस्ताला देव मानून आळीपाळीने स्तोत्र म्हणतात, चोरी व व्यभिचार न करण्याची शपथ घेतात आणि नंतर पुन्हा जमून साधे अन्न एकत्र खातात. ट्रेजनचे उत्तर थोडक्यात आहे. या लोकांचा शोध घेत फिरू नये, निनावी तक्रारींची दखल घेऊ नये, पण कोणी रीतसर आरोप केला आणि तो सिद्ध झाला तर शिक्षा करावी.

अभिजात लॅटिनचा विद्यार्थी ही दोन पत्रे वाचतो आणि पुढच्या पाठाकडे वळतो. त्यांना मिळालेले उत्तर त्याच्या अभ्यासक्रमातच नसते. सुमारे पंच्याऐंशी वर्षांनी, इ. स. १९७च्या आसपास, उत्तर आफ्रिकेतील कार्थेज येथे टर्टुलियन या ख्रिस्ती लेखकाने ख्रिस्ती लोकांच्या बचावासाठी लिहिलेल्या ‘आपोलोगेतिकुम’ या ग्रंथाच्या दुसऱ्याच प्रकरणात प्लिनीचा नामनिर्देश करून ट्रेजनच्या आदेशाची चिरफाड केली आहे. निर्दोष समजून शोध घेऊ नका म्हणता आणि दोषी समजून शिक्षा करा म्हणता. शिक्षा करायची आहे तर शोध का घेत नाही, आणि शोध घ्यायचा नाही तर निर्दोष म्हणून सोडत का नाही, असा त्याचा सवाल आहे. त्याच प्रकरणात तो आणखी एक विसंगती दाखवतो: इतर आरोपींनी गुन्हा कबूल करावा म्हणून त्यांचा छळ होतो, आमचा मात्र आम्ही नाकारावे म्हणून होतो. हे युक्तिवाद केवळ श्रद्धेच्या बळावर उभे राहत नाहीत. त्यांच्यामागे रोमन वक्तृत्वशिक्षण आहे, न्यायालयीन भाषणाची, सिसेरो या थोर रोमन वक्त्यापासून चालत आलेली घडण आहे. टायबरचे पाणी तटाला भिडले, नाईलचे पाणी शेतात चढले नाही, दुष्काळ पडला, साथ आली की लगेच ‘ख्रिस्त्यांना सिंहापुढे टाका’ अशी ओरड होते, हे सांगून तो तीनच शब्दांत विचारतो की एवढ्या सगळ्यांना एकाच सिंहापुढे? टर्टुलियनची वाक्ये आखूड, दाट आणि कधी कधी अक्षरशः दमवणारी असतात, आणि त्याच्या अनेक मतांशी, विशेषतः स्त्रियांविषयीच्या मतांशी, माझे मुळीच पटत नाही. तरीही प्लिनीनंतर लगेच त्याला वाचले की एकाच साम्राज्यातला सत्ताधारी आणि आरोपी एकाच भाषेत वाद घालताना ऐकू येतात, आणि हा अनुभव केवळ प्लिनी वाचून किंवा केवळ टर्टुलियन वाचून मिळत नाही.

अभिजात आणि ख्रिस्ती लेखक कधी कधी एकाच प्रदेशातलेही असत. ‘सोनेरी गाढव’ या नावाने ओळखली जाणारी लॅटिन कादंबरी लिहिणारा अपुलियस उत्तर आफ्रिकेतील मदौरोसचा, आणि त्याच मदौरोसला ऑगस्टीन शाळेत शिकायला होता. इ. स. ३५४मध्ये थागास्ते, म्हणजे आजच्या अल्जीरियातील सूक अहरास, येथे जन्मलेल्या या मुलाने शाळेत व्हर्जिलच्या महाकाव्यातील डायडो राणी मेली म्हणून अश्रू ढाळले, एकोणिसाव्या वर्षी सिसेरोचा ‘होर्तेन्सियुस’ हा तत्त्वज्ञानाची महती सांगणारा ग्रंथ वाचला, आणि त्या वाचनाने आपल्या आयुष्याची दिशा बदलली असे पुढे बिशप झाल्यावर आपल्या आत्मकथनात नमूद केले. सिसेरोच्या डौलापुढे बायबलची भाषा त्याला त्या वेळी खालच्या दर्जाची वाटली होती, हेही त्याने लपवलेले नाही. ‘होर्तेन्सियुस’ हा ग्रंथ आज उपलब्ध नाही. त्यातले जे तुकडे आपल्याला माहीत आहेत त्यांपैकी पुष्कळसे ऑगस्टीनने उद्धृत केले म्हणून टिकले, तेव्हा अभ्यासक्रमातून ऑगस्टीन वगळला की सिसेरोही तेवढा उणा होतो.

सिसेरोच्याच ‘दे रे पुब्लिका’ या राज्यशास्त्रावरील ग्रंथाची कथा तर याहून विलक्षण आहे. शेवटच्या भागातील स्किपिओचे स्वप्न आणि इतरांनी घेतलेली अवतरणे सोडली तर तो ग्रंथ हरवलाच होता. इ. स. १८१९मध्ये व्हॅटिकनच्या ग्रंथालयात आंजेलो माई यांना एका जुन्या हस्तलिखिताच्या पानांवर वरच्या लेखनाखाली फिकट झालेली मोठी अक्षरे दिसली. उत्तर इटलीतील बोब्बियोच्या मठात सातव्या शतकात कोणा लेखनिकाने सिसेरोच्या प्रतीची चर्मपत्रे पुसून त्यांवर दुसरा ग्रंथ उतरवून घेतला होता, आणि तो दुसरा ग्रंथ म्हणजे ऑगस्टीनचे बायबलमधील स्तोत्रसंहितेवरील विवरण. चर्मपत्र महाग होते, मठाला ऑगस्टीन हवा होता, आणि ऑगस्टीनसाठी ती पाने जपली गेली म्हणूनच खालचा सिसेरोही, अपुऱ्या स्वरूपात का होईना, आपल्यापर्यंत पोहोचला.

कोशकारांनी या बाबतीत काय केले हेही पाहण्यासारखे आहे. ऑक्सफर्डचा लॅटिन कोश १९६८ ते १९८२ या काळात खंडशः प्रसिद्ध झाला. तो दुसऱ्या शतकाच्या अखेरीस थांबतो आणि ख्रिस्ती लेखकांना त्याने मुळात घेतलेलेच नाही. याउलट म्युनिकमध्ये १८९४पासून सिद्ध होत असलेला आणि अद्याप पूर्ण न झालेला लॅटिनचा महाकोश इ. स. ६००च्या सुमारापर्यंतचे साहित्य घेतो आणि त्यात सिसेरोशेजारी टर्टुलियन, बायबलचा लॅटिन भाषांतरकार जेरोम आणि ऑगस्टीन यांचे दाखले येतात. पहिला कोश त्याच्या मर्यादेत उत्तमच आहे, मीही तो रोज उघडते. परंतु विद्यार्थ्याला तो एकटाच कोश दिला की भाषा तेथेच संपली असा त्याचा नकळत समज होतो.

या साहित्यातले एक लेखन मात्र मला सर्वांत जवळचे वाटते. इ. स. २०३मध्ये कार्थेज येथे विबिया पर्पेतुआ नावाच्या सुमारे बावीस वर्षांच्या सुशिक्षित, विवाहित स्त्रीला ख्रिस्ती असल्याबद्दल अटक झाली. तिच्याबरोबर फेलिसितास ही गरोदर दासीही होती. पर्पेतुआच्या अंगावर पिते मूल होते. तुरुंगातील तिचे स्वतःचे म्हणून जे लेखन एका अज्ञात संपादकाने जपले आहे त्यात ती लिहिते की असा अंधार तिने कधी अनुभवला नव्हता, गर्दीमुळे उकाडा असह्य होता, आणि मुलाच्या काळजीने जीव कासावीस झाला होता. दोन धर्मसेवकांनी पैसे देऊन कैद्यांना काही तास तुरुंगाच्या बऱ्या भागात जाऊ दिले, तेव्हा तिने भुकेने मलूल झालेल्या बाळाला पाजले. पुढे बाळाला जवळ ठेवण्याची परवानगी मिळाली आणि तोच तुरुंग तिला एकाएकी राजवाड्यासारखा वाटू लागला. तिचे वडील ख्रिस्ती नव्हते. ते पुन्हा पुन्हा येतात, रागावतात, तिचे हात हातात घेऊन विनवण्या करतात, आपल्या पिकल्या केसांची कीव कर म्हणतात. तिचे उत्तर साधे आहे. समोरचे भांडे दाखवून ती विचारते, याला दुसऱ्या कोणत्या नावाने हाक मारता येईल का? नाही म्हटल्यावर ती म्हणते, तसेच मलाही, मी जी आहे त्याखेरीज दुसरे काही म्हणवून घेता येणार नाही. शेवटी मृत्यूच आहे हे ठाऊक असूनही ती कुठे आवाज चढवत नाही. कैद्यांना श्वापदांपुढे सोडण्याच्या आखाड्यातील खेळाच्या आदल्या दिवसापर्यंतचे मी लिहिले आहे, प्रत्यक्ष खेळात काय होईल ते ज्याला लिहावेसे वाटेल त्याने लिहावे, असे सांगून ती थांबते. ७ मार्चला तिला मारण्यात आले.

हे लॅटिन सिसेरोचे नाही. वाक्ये छोटी आहेत, ‘आणि’ने जोडलेली आहेत, बोलण्याच्या जवळची आहेत, आणि वर्षभर व्याकरण केलेला विद्यार्थी ती कोशाच्या आधाराने वाचू शकतो. प्राचीन जगातील स्त्रीचे स्वतःचे म्हणावे असे लेखन किती तुटपुंजे उरले आहे हे लक्षात घेतले तर या मजकुराचे मोल वेगळे सांगावे लागू नये. तो सतराव्या शतकात मोन्ते कासिनोच्या मठातील हस्तलिखितातून पुन्हा उजेडात आला. साहित्याचा इतिहास टॅसिटसपाशी संपवणाऱ्या कोणत्याही लेखात पर्पेतुआला जागा मिळणार नाही, म्हणूनच हे पत्र लिहिण्याची निकड मला वाटली.

यावर एक आक्षेप घेतला जाईल की हे धार्मिक लेखन आहे आणि विद्यापीठात ते शिकवणे म्हणजे धर्मप्रचाराला जागा देणे होय. मराठीचा विद्यार्थी ‘लीळाचरित्र’ वाचतो तेव्हा त्याने महानुभाव पंथाची दीक्षा घेतलेली असावी अशी अपेक्षा कोणी करत नाही. तेराव्या शतकातील मराठी गद्य, त्या काळची गावे, रीतिरिवाज आणि माणसे समजून घेण्यासाठी तो ग्रंथ आपण वाचतो, आणि पंथीयांच्या श्रद्धेचाही त्यात अनादर होत नाही. हाच न्याय पर्पेतुआला आणि ऑगस्टीनला लावायला काय हरकत आहे? उलट, श्रद्धाळू वाचकांनाही माझे सांगणे आहे की केवळ उपासनेसाठी निवडलेले उतारे वाचून जेरोम कळत नाही. ‘तू ख्रिस्ताचा नाहीस, सिसेरोचा आहेस’ असे न्यायासनावरून ऐकू आल्याचे स्वप्न त्याने स्वतःच एका पत्रात सांगितले आहे. त्या स्वप्नात त्याने लौकिक ग्रंथ सोडण्याची शपथ घेतली आणि तरीही त्याच्या पुढच्या लेखनात व्हर्जिल डोकावत राहिला, म्हणून त्याचा एकेकाळचा मित्र रुफिनस याने त्याला धारेवरही धरले. ज्याने सिसेरो वाचलाच नाही त्याला या माणसाची ओढाताण कशी उमगणार?

मराठीपुरते पाहायचे झाले तर हा विषय आपल्याला वाटतो तितका परका नाही. १५७९मध्ये गोव्यात आलेले इंग्रज जेझुइट फादर थॉमस स्टीफन्स यांचे ‘क्रिस्तपुराण’ १६१६मध्ये राचोल येथे छापले गेले, आणि मराठी ओवीत रचलेल्या त्या काव्याचा अभ्यास आपण संतकाव्याच्या अंगाने बऱ्यापैकी केला आहे. पण ख्रिस्ताची कथा स्थानिक श्रोत्यांना मान्य असलेल्या प्रतिष्ठित छंदात सांगण्याची कल्पना त्यापूर्वी जवळजवळ तेराशे वर्षे लॅटिनमध्ये साकार झालेली होती. इ. स. ३३०च्या सुमारास स्पेनमधील युवेंकस या धर्मगुरूने शुभवर्तमानाची कथा व्हर्जिलच्या वृत्तात चार सर्गांत बांधली, आणि त्याच शतकात प्रोबा या रोमन स्त्रीने केवळ व्हर्जिलच्या ओळी व अर्ध्या ओळी जुळवून ख्रिस्तचरित्रासह बायबलची कथा सांगणारे सुमारे सातशे ओळींचे काव्य रचले. स्टीफन्स लॅटिन शिक्षणातून घडलेले होते. त्यांच्या काव्याची ही दुसरी बाजू तपासायची असेल तर मराठीच्या एखाद्या तरी संशोधकाला लॅटिन यायला हवे, आणि ज्याला संस्कृतच्या विभक्ती व क्रियापदे पाठ आहेत त्याला ते यायला फार वेळ लागत नाही, हे मी स्वतःच्या अनुभवावरून सांगते.

तेव्हा आपल्याला एक विनंती आहे. पर्पेतुआचे लेखन मुळात आठ छोट्या प्रकरणांचे आहे, आणि संपादकाची जोड धरूनही सगळे मिळून एकवीस प्रकरणे होतात. आमचा लॅटिन वाचणाऱ्या मंडळींचा एक लहान गट त्याचे थेट मुळावरून मराठी भाषांतर करण्यास तयार आहे. आपल्या पुरवणीत ते क्रमशः छापता आले, आणि प्रत्येक हप्त्यासोबत मूळ लॅटिनच्या चार-सहा ओळी देवनागरीत देता आल्या, तर मूळ लेखक व वाचक दोघांशीही इमान राखून ते काम करण्याची आमची जबाबदारी राहील. पहिल्या दोन प्रकरणांचा कच्चा खर्डा तयार असून आपला होकार कळताच तो पाठवता येईल.

आपली नम्र,
एक निवृत्त शिक्षिका, पुणे