‘ताटातूट कशामुळे?’ हा रकाना भरणाऱ्या कारकुनास

विक्सबर्ग, नॅचेझ आणि डेव्हिस बेंड इथल्या विवाह-नोंदवह्या लिहिणाऱ्या अनाम कारकुनास,

सप्रेम नमस्कार विनंती विशेष.

नवरा, बायको, लग्न लावणारा पाद्री, साक्षीदार, सगळ्यांची नावं तुमच्या वहीत आहेत. टाक ज्याच्या हातात होता त्याच्या नावाला मात्र रकाना नव्हता. त्यामुळे हे पत्र नावाविना लिहावं लागतंय. तुम्ही पलटणीतले शिपाई होतात की पाद्रीबोवांचे मदतनीस, एकटे होतात की पाचसहा जण, हे ठाऊक नसतानाही आभार मानायचे आहेत, कारण ते १६० वर्षं राहून गेले आहेत.

मिसिसिपी नदीकाठच्या या तीन ठिकाणी १८६४ आणि १८६५ मध्ये ४,६२७ लग्नं नोंदली गेली. गुलामगिरी टिकवायला फुटून निघालेली दक्षिणेतली राज्यं आणि उत्तरेकडचं केंद्र सरकार यांच्यातलं अमेरिकेचं यादवी युद्ध वह्या सुरू झाल्या तेव्हा चालूच होतं. उत्तरेच्या सैन्यातल्या जनरल ग्रँटने १८६२ च्या नोव्हेंबरात पलटणीतले पाद्री जॉन ईटन यांच्याकडे मळ्यांवरून पळून आलेल्या गुलाम माणसांची व्यवस्था सोपवली होती, त्यातून ही वही सुरू झाली. मुक्त झालेल्या गुलामांसाठीचं सरकारी खातं, फ्रीडमेन्स ब्युरो, कायद्याने अस्तित्वात आलं ते नंतर, ३ मार्च १८६५ ला. तुमच्या वह्या पुढे त्याच्याच दप्तरात गेल्या.

लग्नाच्या नोंदीला खरं म्हणजे दोन नावं, तारीख आणि साक्षीदार पुरतात. तुमच्या छापील रकान्यांत त्याहून बरंच काही होतं: वय, राहण्याचं ठिकाण, वर्ण, आईचा आणि बापाचा वर्ण, आधी दुसऱ्या कुणाबरोबर किती वर्षं संसार केला, त्याच्यापासून वा तिच्यापासून ताटातूट कशामुळे झाली, त्या संसारातली मुलं किती, आणि आताच्या जोडीदारापासूनची मुलं किती.

मला आभार मानायचे आहेत ते ‘ताटातूट कशामुळे’ या एका रकान्याचे. बाकीचं सगळं त्याच्या मागून.

तो रकाना कुणी आखला ते बाजूला ठेवू. छापील रकाना रिकामा सोडणं किंवा आडवी रेघ ओढून पुढच्याला बोलावणं फार सोपं असतं. बाहेर रांग लागलेली असायची, युद्ध चालू होतं. तुम्ही विचारलंत. समोरच्याने सांगितलं ते एकदोन शब्दांत लिहिलंत: मृत्यू. विक्री. बळजबरी. ज्या माणसाला त्याच्या उभ्या आयुष्यात कुणा गोऱ्या अंमलदाराने ‘तुझी बायको कुठे गेली?’ असं विचारलं नव्हतं, त्याचं उत्तर सरकारी शाईने सरकारी कागदावर उतरलं. ‘विक्री’ हे संसार मोडण्याचं कारण म्हणून नोंदलं गेलं. त्याआधी तोच शब्द मालकाच्या खतावणीत जमेच्या बाजूला येत असे.

त्याआधी काय होतं तेही सांगायला हवं, नाहीतर या शब्दाचं मोल कळणार नाही. १८५० आणि १८६० च्या जनगणनेत गुलामांसाठी वेगळे तक्ते होते. त्यांत मालकाचं नाव असे आणि खाली माणसांच्या ओळी: वय, लिंग, वर्ण. नाव नाही. गुलामांच्या लग्नाला दक्षिणेतल्या राज्यांचा कायदा लग्न मानतच नव्हता. पाद्रीसुद्धा ‘मृत्यू वा अंतर आपल्याला वेगळं करेपर्यंत’ अशी शपथ घ्यायला लावत. शपथेतल्या या ‘अंतरा’चा अर्थ लिलाव, हे शपथ देणाऱ्यालाही माहीत होतं. देवासमोर उभं राहून हे वाक्य म्हणायला लावणाऱ्यांना क्षमा करावी असं मला आजही वाटत नाही.

आणि सरकारला मोजदाद येत नव्हती असंही नाही. १६ एप्रिल १८६२ ला राजधानी वॉशिंग्टनमधले गुलाम मुक्त झाले तेव्हा केंद्र सरकारशी एकनिष्ठ असलेल्या मालकांना माणशी ३०० डॉलरपर्यंत भरपाई मिळाली. त्यासाठी याद्या झाल्या, किंमती ठरल्या, अर्ज तपासले गेले. मुक्त झालेल्यांना, ते देश सोडून जायला तयार असतील तरच, माणशी १०० डॉलरपर्यंत. ब्रिटनने १८३३ मध्ये मालकांसाठी दोन कोटी पौंड मंजूर केले आणि त्यासाठीच्या कर्जाचा शेवटचा भाग २०१५ मध्ये फिटला. मालकाचं किती नुकसान झालं हे विचारणारे कारकून सगळीकडे होते. गुलामाचं काय गेलं हे विचारणारे तुम्ही.

पुढच्या शतकात इतिहासकारांनी मिसिसिपी, टेनेसी आणि लुईझियाना इथल्या अशा २,८८८ जोड्यांच्या नोंदी मोजल्या. त्यांतल्या जवळजवळ एक तृतीयांश मालकांनी तोडलेल्या निघाल्या. ‘आम्ही कुटुंबं फोडत नव्हतो’ ही मळेवाल्यांची जुनी बतावणी तुमच्या एकेका शब्दाची बेरीज करून खोटी ठरली.

तुमच्या वहीतलं सगळंच मला गोड वाटतं असं नाही. आईबापांचा वर्ण विचारणारा रकाना अपमानाचा होता. तरीही बापाच्या रकान्यात ‘गोरा’ असं लिहिलेलं दिसतं, तेव्हा मळ्यावरच्या कुठल्या गोष्टी कुणी बोलत नव्हतं ते कळतं. तिथेही तुम्ही सांगितलेलं लिहिलंत, झाकलं नाहीत.

ब्युरोने दिलेलं बाकीचं बहुतेक सगळं काळाबरोबर गेलं. शिधा आधी घ्या. १८६५ च्या उन्हाळ्यात ठरलेलं प्रमाण असं: दिवसाला डुकराचं खारवलेलं मांस १० औंस (सुमारे २८० ग्रॅम) किंवा ताजं गोमांस १६ औंस, आठवड्यातले पाच दिवस मक्याचं पीठ १६ औंस, दोन दिवस गव्हाचं तितकंच, शिवाय थोडं मीठ, साखर, साबण. १४ वर्षांखालच्या मुलांना अर्धा शिधा. सारे मिळून दोन कोटींहून जास्त शिधे वाटले गेले, आणि त्यांतले पुष्कळ निर्वासित गरीब गोऱ्यांच्याही पोटात गेले. माणसं जगली, शिधा संपला. पहिल्या वर्षी खात्याला स्वतंत्र पैसाच मंजूर नव्हता, सगळं लष्कराच्या कोठारातून. ४० लाख मुक्त माणसांसाठी एका वेळी खात्याचे अंमलदार कधी ९०० च्या वर गेले नाहीत.

जमीन तर देऊन काढून घेतली. उत्तरेच्याच सैन्यातल्या जनरल शर्मनच्या १६ जानेवारी १८६५ च्या हुकमाने समुद्रकाठच्या पट्ट्यात कुटुंबागणिक ४० एकरांपर्यंत तुकडे मिळाले, सुमारे ४०,००० माणसं सुमारे चार लाख एकरांवर वसली, पेरण्या केल्या. अध्यक्ष अँड्र्यू जॉन्सन यांनी बंडखोर मालकांना माफ्या दिल्या आणि जमिनी परत करायला लावल्या. खात्याचे प्रमुख जनरल हॉवर्ड, ज्यांचा उजवा हात याच युद्धात गेला होता, त्यांना ऑक्टोबरात साउथ कॅरोलायनातल्या एडिस्टो बेटावरच्या चर्चमध्ये उभं राहून हे माणसांना सांगावं लागलं. बँकेचं तेच. मुक्त झालेल्या माणसांची बचत ठेवणारी फ्रीडमन्स बँक ब्युरोच्याच दिवशी मंजूर झाली, ती सरकारी नव्हती, पण सरकारी आहे असं लोकांना भासवलं गेलं. २९ जून १८७४ ला ती बंद पडली तेव्हा ६१,००० खातेदारांचे सुमारे ३० लाख डॉलर अडकले. या दोन विश्वासघातांबद्दल लिहिताना हात अजून थरथरतो.

मजुरीच्या करारांची तऱ्हा निराळी. करार वर्षाचा, पैसे किंवा पिकातला वाटा वर्षाअखेरीला, अन्न, कपडे, औषध आणि बुडालेले दिवस यांची कपात, आणि मजुराच्या सहीच्या जागी फुली. घोळ व्हायचा तो सुगीला: वर्षभर राबवून घ्यायचं आणि वाटा द्यायची वेळ आली की काहीतरी कुरापत काढून माणसाला मळ्यावरून हाकलायचं. अंमलदार भला असेल तर तो करार मोठ्याने वाचून दाखवी, नक्कल कचेरीत ठेवी आणि सुगीला हिशेब मागे. काही अंमलदार मात्र मळेवाल्यांच्याच पंगतीला बसत. एकाच खात्यात ही दोन्ही प्रकारची माणसं होती, म्हणून तुमचं मोल जास्त वाटतं.

तुमचा शब्द कागदावर राहिला आणि तो कामालाही आला. मिसिसिपी राज्याने १८६५ च्या नोव्हेंबरात मुक्त झालेल्या माणसांसाठी कायदे केले: १८ वर्षांखालचं मूल अनाथ असेल किंवा आईबाप त्याला पोसू शकत नसतील तर ते उमेदवारीच्या नावाखाली कामाला बांधायचं, आणि त्यात पहिला मान जुन्या मालकाचा. अशा वेळी ‘हे मूल आमचं, आम्ही नवराबायको’ हे सांगायला कागदाचा आधार लागे. युद्धात सुमारे १,७९,००० काळे सैनिक लढले. त्यांच्या विधवांना निवृत्तिवेतनासाठी लग्न सिद्ध करावं लागे, आधीचा नवरा होता का, तो कुठे गेला, हे परके चौकशी अधिकारी खोदून खोदून विचारत. तुम्ही तेच आधी विचारलं होतंत, पण तिला खोटं पाडण्यासाठी नाही.

आज तुमच्या वहीत पूर्वज शोधणाऱ्यांना पुष्कळ अडचणी येतात, आणि त्यांतली एकही तुमच्या आळसामुळे आलेली नाही. १८७० च्या जनगणनेत मुक्त झालेल्या सगळ्यांची नावं पहिल्यांदा आली, म्हणून शोध तिथून मागे न्यावा लागतो. आडनाव जुळलं नाही म्हणून माणूस सोडू नये. कुणी शेवटच्या मालकाचं आडनाव घेतलं, कुणी त्याआधीच्या, कुणी स्वतःचं निवडलं. तुम्ही नावं कानाला ऐकू आली तशी लिहिलीत, म्हणून एकाच नावाची तीन स्पेलिंगं तपासावी लागतात. वयं बहुधा अंदाजाची, २५, ३०, ४० अशी गोल, तेव्हा पाचसात वर्षांचा फरक धरावा. सूचीत नाव सापडलं की तिथे थांबू नये, मूळ पानाचं चित्र उघडावं, कारण तो रकाना सूचीत उतरेलच असं नाही. आणि मागचीपुढची पानंही वाचावीत. एका मळ्यावरची माणसं बऱ्याचदा एकाच दिवशी, एकमेकांची साक्ष द्यायला बरोबर आलेली असतात. आधीच्या संसारातल्या मुलांचा तुम्ही आकडा लिहिलात, नावं नाहीत. रकाना तेवढाच होता. त्या मुलांसाठी मग बँकेच्या खातेदारांच्या नोंदी पाहाव्या लागतात, तिथे भावंडांची आणि विकल्या गेलेल्या नातेवाइकांची नावं विचारली जात.

तुमच्या बाजूला आणखी काही माणसांना बसवून त्यांचेही आभार मानते. २०१५ च्या १९ जूनला ब्युरोच्या दप्तराची नावनिहाय सूची करायचं काम जाहीर झालं. २५ हजारांहून अधिक स्वयंसेवकांनी फुकट, घरी बसून, वर्षभरात सुमारे १८ लाख नावं वाचून उतरवली. तुमचं अक्षर लागेना तेव्हा एक पान दोघांदोघांनी वाचलं. ती सूची त्यांनी जगाला मोफत दिली.

मराठीतून हे आभार पहिल्यांदा मानले जात नाहीयेत. तुमचं खातं ३० जून १८७२ ला बंद झालं. पुढच्याच वर्षी पुण्यात जोतीराव फुल्यांनी ‘गुलामगिरी’ अमेरिकेतल्या त्या सदाचारी लोकांना अर्पण केली, ज्यांनी गुलामांच्या मुक्तीसाठी निरपेक्ष बुद्धीने कष्ट घेतले. इथल्या शूद्रांच्या दास्यमुक्तीसाठी आपल्या देशबांधवांनी तो कित्ता गिरवावा असंही त्यांनी तिथेच म्हटलं. जोतीरावांना तुमची वही माहीत असण्याचं कारण नव्हतं. पण ज्यांना ते नमस्कार करत होते त्यांत तुम्ही होतात, असं मी धरून चालते.

एकच मागणं उरतं, तेही तुमच्याकडे नव्हे, तुमची वही सांभाळणाऱ्यांकडे. सूची पुन्हा करायची वेळ येईल तेव्हा नवराबायकोच्या नावांशेजारी तो रकानाही शब्दशः उतरवून घ्यावा. ‘विक्री’ असा शोध घेतला की ती सगळी माणसं एका जागी समोर यावीत.

आपली ऋणी,
जुन्या दप्तरांची एक वाचक