बोर्ड उतरवा, मग ऑनलाइनला नावं ठेवा

मा. संपादक,
स.न.वि.वि.

दिवाळी जवळ आली की व्यापाऱ्यांची एकच रड, नवी पिढी ऑनलाइन गेली अन् पेठ ओस पडली. मी सांगलीची, कापड पेठ, मारुती रोड, हरभट रोड हीच आमची खरेदी, म्हणून लिहिते.

आईच्या वेळी दुकानदार गादीवर बसून साड्यांचा ढीग पाडायचा, चहा मागवायचा, घासाघीस व्हायची, पैसे कमी पडले तर वहीत मांडायचा आणि साडीचा रंग गेलाच तर मुकाट्यानं बदलून द्यायचा, कारण घर ओळखीचं. माझ्या लेकीला चहा नको, ओळख नको, किंमत छापलेली पाहिजे अन् नाही बसलं तर परत देता आलं पाहिजे. ती मोबाईलवर एकच कुर्ता दोन साइजमध्ये मागवते, एक ठेवते, एक परत करते. दुकानात हे कोण करू देतंय? गल्ल्यामागं बोर्ड असतोय, "एकदा विकलेला माल परत घेतला जाणार नाही".

आता कायदा बघा. २०१९ च्या ग्राहक संरक्षण कायद्यात स्पष्ट आहे, माल सदोष निघाला तर बिलावरच्या मुदतीत, अन् मुदत लिहिलीच नसेल तर ३० दिवसांत, परत घेऊन पैसे द्यायला नकार देणं ही अनुचित व्यापारी प्रथा. बिल न देणं पण त्यातच येतं. साइज बसली नाही हे यात बसत नाही, कबूल, पण बोर्डवर तेवढा फरक कोण लिहितंय, सरसकट नाहीच म्हणायचं.

पोरांचं सगळं बरोबर असं पण नाही हां. दुकानात बूट घालून बघायचे, लेबलचा फोटो काढायचा अन् बाहेर येऊन ऑनलाइन मागवायचे, हे मला अजिबात पटत नाही. २०१९ अन् २०२१ च्या पुरात याच पेठेत पाणी शिरलं, त्यातनं व्यापारी उभे राहिले, त्यांच्या पोटावर पाय यावा असं कुणाला वाटतंय?

पण हीच पोरं लग्नाचा बस्ता बांधायला दुकानातच जातात की, कारण शालूचा पोत हात लावल्याशिवाय कळत नाही अन् तिथं ब्लाउजपीसपासून फॉलपर्यंत सगळं एका जागी होतं. म्हणजे दुकान नकोय असं नाही. आठ दिवसांत बदलून देऊ एवढं बिलावर छापा, किमतीची चिठ्ठी लावा अन् पोरगी कपडे बघत असताना सेल्समनला जरा लांब उभा करा.

पार्किंगचा विषय वेगळाच आहे, त्यावर परत लिहीन.

एक वाचक, विश्रामबाग, सांगली