‘वादग्रस्त’ या शब्दात न मावणारा श्लिंगेनझीफ

महोदय,

रविवार पुरवणीतील जर्मन चित्रपटांवरचा लेख आवडला. फासबिंडर, हर्झोग, वेंडर्स ही नावे फिल्म सोसायट्यांमुळे आपल्या परिचयाची आहेत. मात्र क्रिस्टोफ श्लिंगेनझीफला लेखात ‘वादग्रस्त दिग्दर्शक’ एवढ्यावरच आटोपले, याचे वाईट वाटले.

ऱ्हूर खोऱ्यातल्या ओबरहाउझनमध्ये १९६० साली जन्मलेला हा फार्मासिस्टचा एकुलता मुलगा. हिटलरच्या अखेरच्या तासांवरचा त्याचा चित्रपट (१९८९) म्यूलहाइममधल्या एका जुन्या बंकरमध्ये, हातातल्या दिव्याच्या उजेडात, सोळा तासांत चित्रित झाला. जर्मनीच्या एकीकरणानंतर काही आठवड्यांतच दुसरा आला. त्यात पश्चिमेकडचे एक खाटीक कुटुंब पूर्वेकडून येणाऱ्यांना कापून त्यांचे सॉसेज करते. हा रक्तपात मलाही सहन होत नाही. पण देशभर जल्लोष सुरू असताना, या एकीकरणात कोण कोणाला गिळणार आहे, हे विचारायला धाडस लागते.

मला सर्वांत महत्त्वाचे वाटते ते त्याचे जून २००० मधले व्हिएन्नातले काम. त्याच वर्षी फेब्रुवारीत हायडर यांचा परकीयद्वेष्टा पक्ष ऑस्ट्रियाच्या सरकारात सामील झाला होता. श्लिंगेनझीफने शहराच्या ऐन मध्यावर, ऑपेरागृहाच्या शेजारी कंटेनर उभे केले, त्यांत आश्रयार्थी राहायला आणले आणि वर भलामोठा फलक लावला: ‘परकीयांनो, चालते व्हा’. आपण ‘बिग बॉस’मध्ये पाहतो तसे लोकांनी मत द्यायचे आणि रोज दोघांना देशाबाहेर घालवायचे. छपरावर तो स्वतः भोंगा घेऊन उभा. परदेशी पाहुणा येऊन आमची बदनामी करतो म्हणून काही जण चिडले. उलट बाजूने, द्वेषाला विरोध करणारे निदर्शक कंटेनरवर चढले आणि फलकाची मोडतोड करू लागले. त्या फलकापर्यंत हात पोहोचत होता. फलकावरची भाषा बोलणारा पक्ष सरकारात बसला होता, तिथपर्यंत पोहोचत नव्हता. हे त्या लोकांना भर रस्त्यात जाणवून देणे याला मी खोडसाळपणा म्हणणार नाही.

त्याआधी १९९८ मध्ये त्याने बेरोजगारांसाठी पक्ष काढला होता. जर्मनीचे चॅन्सेलर (सरकारप्रमुख) कोल सुट्टीसाठी जात त्या ऑस्ट्रियातल्या वोल्फगांगझे सरोवरात देशातल्या सगळ्या बेरोजगारांनी एकदम उतरावे, म्हणजे पाणी चढून त्यांच्या बंगल्यात शिरेल, असे त्याने जाहीर आवाहन केले. आले थोडेच. पुढे याच माणसाला बायरॉइटच्या प्रतिष्ठित वाग्नर-महोत्सवाने वाग्नरचा ‘पार्सिफाल’ हा ऑपेरा बसवायला बोलावले (२००४).

२००८ मध्ये त्याला फुफ्फुसाचा कर्करोग झाल्याचे कळले. त्याने आजार लपवला नाही, भीती आणि देवावरचा रागही रंगमंचावर आणला. उरलेली ताकद त्याने पश्चिम आफ्रिकेतल्या बुर्किना फासोत, राजधानी वागाडूगूजवळ एक ‘ऑपेराग्राम’, म्हणजे कलेभोवती वसवलेले गाव, उभारण्यात घातली. त्याचे वास्तुरचनाकार फ्रान्सिस केरे, ज्यांना पुढे वास्तुकलेतला मानाचा प्रित्झकर पुरस्कार मिळाला. फेब्रुवारी २०१० मध्ये पायाभरणी झाली. ऑगस्टमध्ये श्लिंगेनझीफ गेला, वयाच्या ४९ व्या वर्षी. त्या गावात सर्वांत आधी शाळा सुरू झाली, नंतर दवाखाना.

या दिग्दर्शकावर आपण स्वतंत्र लेख छापावा, आणि आपल्या फिल्म सोसायट्यांनी त्याचे निदान दोन चित्रपट दाखवावेत, ही कळकळीची विनंती.

आपला,
एक नियमित वाचक, पुणे